चव्वेचाळीस पावलं

फुटबॉलचं मैदान आखायला मला दोन तास लागायचे. तेही एकट्याला. दुसऱ्या मैदानांवरचे लोक चार माणसं आणि एक लोखंडी फीत घेऊन अर्धा दिवस राबायचे, आणि तरी त्यांचं मधलं वर्तुळ बटाट्यासारखं दिसायचं. ही बढाई आहे हे मला कळतं. पण चौतीस वर्षं नाशिकच्या एका कॉलेजच्या मैदानावर ग्राउंडमन म्हणून काढली, त्यात पदक कधी माझ्या गळ्यात पडलं नाही. तेव्हा माझ्या वर्तुळाचं कौतुक मीच करणार.

दिवाळी अंकासाठी कामाचे अनुभव लिहायचे म्हणून मी वही घेऊन बसलो, तर आमची सून सीमा म्हणाली, "नाना, फक्कीवर काय लिहिणार तुम्ही एवढं?" तिचंही बरोबर आहे. फक्की म्हणजे मैदानावर रेषा मारायची पांढरी पूड. पूर्वी चुना वापरायचे, पण गुडघा फुटलेल्या पोराच्या जखमेत तो गेला की पोरगं थयथयाट करायचं, म्हणून फक्की आली. ती डब्यात भरायची, डब्याच्या तळाला भोकं, आणि दोरीच्या कडेनं डबा हलवत पुढं जायचं. सगळं काम एवढंच. पण डबा कोणीही हलवतो, खरी कला दोरीत आहे.

ही दोरी मला महादूबाबांनी शिकवली. ते माझ्या आधीचे ग्राउंडमन. माझ्यासारखेच निफाडकडचे, द्राक्षबागेचे मांडव घालता घालता मैदानावर आलेले. त्यांच्याकडे एक सुती दोरी होती आणि तिला चार गाठी होत्या. पहिली साडेपाच मीटरला, दुसरी नऊ मीटर पंधरा सेंटिमीटरला, तिसरी अकराला, चौथी साडेसोळाला. फुटबॉलच्या मैदानातली आतली सगळी मापं या चार गाठींत बसतात. गोलसमोरची लहान चौकट, मोठी चौकट, मधलं वर्तुळ आणि पेनल्टीचा ठिपका. खुंटी ठोकायची, दोरी अडकवायची, गाठ चिमटीत धरायची आणि चालायला लागायचं. फीत वाचायला चष्मा लागतो, गाठ अंधारातसुद्धा बोटाला कळते. बाहेरच्या लांब रेषा आणि गोलचे खांब तेवढे अधिकारी लोक फितीनं तपासतात. आतलं माप माझ्यावर सोडलेलं असायचं. "नानांनी आखलंय ना? मग झालं," असं म्हणायचे. हे वाक्य मला पगारवाढीपेक्षा गोड लागायचं.

मैदानावर गिऱ्हाईकंही नाना तऱ्हेची यायची. एकदा एका पुढाऱ्यांचं हेलिकॉप्टर उतरायचं होतं. मोठा गोल आणि मधे इंग्रजी एच काढून द्या म्हणाले. मी सुरेख काढून दिला. पंखा जवळ आला तशी पोतंभर फक्की आकाशात उडाली आणि स्वागताला उभ्या असलेल्या सगळ्या मंडळींवर बसली. कपडे मुळात पांढरेच होते म्हणून निभावलं. एका स्पर्धेच्या अध्यक्षांनी त्र्यंबकहून गुरुजी आणले होते. मैदानाचं पूजन नेमकं कुठं करायचं, तर मैदानात आधीच पांढरा ठिपका दिसतोय म्हणून गुरुजींनी पेनल्टीच्या ठिपक्यावरच नारळ फोडला. नारळाचं पाणी मुरून तिथं खळगा पडला आणि पहिल्याच पेनल्टीला चेंडू गोलवरून उडून पार्किंगमध्ये गेला. अध्यक्ष माझ्याकडे बघत होते, मी गुरुजींकडे.

पोलिस भरतीच्या वेळी धावण्याची पट्टीही मीच आखायचो. पेठ-सुरगाण्याकडची, निफाडकडची पोरं पहाटेपासून येऊन बसायची. एखादा हळूच जवळ यायचा. "नाना, वळणाला जरा आत घ्या ना. दोन फुटानं काय होतंय? लय उपकार होतील." त्याच्या घरची परिस्थिती त्याच्या बुटांवरून दिसत असायची. पण मी सांगायचो, "बाळा, तुला दोन फूट दिले तर तुझ्यामागच्याचे दोन फूट मी खाल्ले. माझ्या मैदानावर फूट म्हणजे फूट." हे मी इतक्या लोकांना, इतक्या तोऱ्यात ऐकवलं आहे की पुढची हकीकत सांगताना माझे कान आजही गरम होतात.

नोकरीच्या शेवटच्या महिन्यात आमच्या मैदानावर मुलींच्या फुटबॉलची विभागीय पात्रता स्पर्धा आली. शाळकरी मुलामुलींचा परदेशात एक मोठा क्रीडामेळा भरतो, त्यात फुटबॉलपासून पोहण्यापर्यंत सगळे खेळ असतात. त्यासाठी आधी विभागाविभागातून शाळांचे संघ लढतात, आणि विभागात जिंकणाऱ्या संघातल्या मुलींनाच पुढं देशाच्या निवडीला बोलावणं येतं. दुसऱ्या नंबरला काही नाही. आमच्याकडे चार संघ आले होते: सटाणा, कोल्हापूर, नागपूर आणि गोवा. पहिल्या दिवशी सराव, दुसऱ्या दिवशी उपांत्य सामने, तिसरा दिवस विश्रांतीचा आणि चौथ्या दिवशी अंतिम सामना. अंतिम सामन्यानंतर बक्षीस समारंभात माझा निरोपाचा सत्कारही ठेवला होता. म्हणून मी त्या उन्हाळ्यातच नवी कोरी दोरी आणून हौसेनं गाठी मारल्या होत्या. जाताना मागच्या माणसाला चांगली दोरी देऊन जायची, असा विचार.

स्पर्धा दसऱ्याच्या लगेच नंतर होती. खंडेनवमीला आमच्या घरी हत्यारांची पूजा असते. मुलाचे पाने-पकडी, सीमाची शिलाई मशीन, माझी दोरी, खुंट्या आणि फक्कीचा डबा. त्या वर्षी सीमानं सगळं मन लावून घासूनपुसून काढलं. दोरी उन्हाळ्यापासून वापरून मळलेली, ती तिनं गरम पाण्यात साबण घालून धुतली आणि गच्चीवर वाळत टाकली. पाटावर ठेवली तेव्हा लग्नातल्या नव्या धोतरासारखी पांढरीशुभ्र. मी हळदकुंकू वाहिलं, झेंडूचं फूल ठेवलं आणि सुनेला म्हणालो, "आजपर्यंत माझ्या दोरीची अशी सेवा कोणी केली नव्हती."

त्याच दोरीनं मी मैदान आखलं.

सरावाच्या दिवशी सटाण्याच्या शाळेची गोलकीपर गोलच्या रेषेवरून पावलाला पाऊल लावत, म्हणजे एका बुटाच्या टोकाला दुसऱ्याची टाच भिडवत, पेनल्टीच्या ठिपक्यापर्यंत आली. परत गेली, पुन्हा मोजत आली. कोमल अहिरे तिचं नाव. उंच, काटक, डाव्या बुटाच्या टोकाला जाड काळी शिवण घातलेली. माझ्यापाशी येऊन म्हणाली, "काका, हाऊ ठिपका जोडे शे."

माझी आई सटाण्याकडची, बागलाणातली, त्यामुळे अहिराणी मला कळते. ठिपका जवळ आहे म्हणत होती.

"कुणी सांगितलं?"

"मना बूट चव्वेचाळीस भरतस. आठे बेचाळीसच भरनात."

प्रत्येक नव्या मैदानावर ती असं मोजायची म्हणे. कुठंही जा, चव्वेचाळीस भरतात, इथं मात्र बेचाळीसच. मी काय केलं? हसलो. म्हणालो, "बाई, तुझ्या जन्माच्या आधीपासून मी मैदानं आखतोय. पावलं मोजून फुटबॉल होत नाही, जा, सराव कर." ती गेली. तिनं माझ्याकडे नाराजीनंही पाहिलं नाही, याचंच नंतर जास्त लागलं.

दुसऱ्या दिवशी सटाणा आणि गोवा. गोव्याच्या कोच म्हणजे एक सिस्टर, पांढऱ्या झग्याखाली स्पोर्ट्स शूज, आणि आवाज असा की कबुतरं उडावीत. सामना तोडीस तोड झाला. शेवटच्या दहा मिनिटांत सटाण्याला पेनल्टी मिळाली. त्यांची कॅप्टन, बुटकी आणि दणकट पायांची, तिनं उजव्या कोपऱ्यात मारली. गोव्याची गोलकीपर बरोबर त्याच बाजूला झेपावली, चेंडू तिच्या बोटांना घासून आत गेला. एक-शून्य. सटाण्याच्या पोरी एकमेकींच्या अंगावर पडल्या. जिल्ह्याचा संघ अंतिम सामन्यात, मीही बांधावरून टाळ्या पिटल्या.

तिसऱ्या दिवशी, विश्रांतीच्या सकाळी, मी दव सुकायची वाट बघत बसलो होतो. ओल्या गवतावर फक्की चिकटत नाही, लगदा होतो. कोमल एकटीच आली. "काका, राग नका मानू. तुमी एकदाव मोजी ल्या."

"अगं, जिंकलात ना तुम्ही? आता काय मोजायचं?"

"त्यानाकरताच," ती म्हणाली. "आमना गोल बी तठूनच व्हयना. गोव्यानी गोलकीपर रडनी व्हती. मी दखं."

आमचा गोलही तिथूनच झाला, ती मुलगी रडत होती, मी पाहिलं. एवढं बोलून ती पाय घासत उभी राहिली. मग म्हणाली, "तेवढी दोन पावलं जास्त मिळाली असती ना काका, तर तिनं अडवला असता. मला माहितीये. मीपण तिथंच उभी राहते."

मी सामानाच्या खोलीत गेलो. दार लावलं. लोखंडी फीत जमिनीवर पसरली आणि तिच्यावर दोरी ताणून ठेवली. पेनल्टीच्या ठिपक्याची, अकराची गाठ साडेदहावर आली. पुन्हा ताणली, पार हाताला वळ उठेपर्यंत. साडेदहा. साडेसोळाची गाठ पावणेसोळावर. सगळी दोरी सारख्या प्रमाणात आखडली होती, त्यामुळे चौकट, ठिपका, वर्तुळ सगळं एकमेकांशी जुळत होतं आणि कुणाच्याही डोळ्याला खुपलं नव्हतं. एका पोरीच्या बुटाला तेवढं कळलं होतं.

पहिल्यांदा माझ्या मनात सुनेचं नाव आलं, हे कबूल करतो. गरम पाणी! साबण! कुणी सांगितलं होतं? आणि मग महादूबाबांचा आवाज आठवला. "निवृत्ती, नवी दोरी आणली का आधी तिला भिजव, झाडाला ताणून बांध, तीन दिस वाळव, तवा गाठ मार. कोरी दोरी खोटं बोलती." आधीच्या प्रत्येक दोरीला मी ते केलं होतं. या वेळी म्हटलं, चौतीस वर्षं झाली, आता काय तेच तेच करायचं, आणि दुकानातून आणल्या दिवशीच गाठी मारून मोकळा झालो. सुनेनं दोरी धुतली ती भक्तीनं. चूक माझी होती, माझ्या मिजाशीची.

खोलीत कोणी नव्हतं. झारीभर पाणी ओतून जुना ठिपका पुसायचा, अर्धा मीटर मागं नवा मारायचा, पंधरा मिनिटांचं काम. कोणाला पत्ता लागला नसता. दुसऱ्या दिवशी शाल खांद्यावर घेऊन घरी गेलो असतो. सांगितलं तर माझं नाव जाणार होतंच, पण सटाण्याचा विजयही जाण्याची पाळी होती. माझ्याच जिल्ह्याच्या, माझ्याच आईच्या गावाकडच्या पोरी. मी बराच वेळ पोत्यावर बसून राहिलो. शेवटी त्या भरतीच्या पोरांची तोंडं आठवली, दोन फूट मागणारी, आणि मी उठलो.

स्पर्धेच्या मुख्य अधिकारी एक मॅडम होत्या, बाहेरगावच्या, कमी बोलणाऱ्या. त्यांच्यासमोर दोरी आणि फीत ठेवून मी सांगितलं, "मॅडम, कालचा ठिपका अर्धा मीटर जवळ होता. चूक माझी आहे." त्यांनी स्वतः येऊन मोजलं. दोन्ही बाजूंना. मग विचारलं, "कोणी तक्रार केली का?" मी म्हणालो, "नाही. मलाच शंका आली." पोरीचं नाव घेतलं असतं तर तिच्या संघानं तिला फाडून खाल्लं असतं, असं मला वाटलं.

समिती बसली. एकच गोल, तोही चुकीच्या ठिकाणावरून, म्हणून सामना त्याच दुपारी पुन्हा खेळवायचं ठरलं. दुसऱ्या सामन्यात कोल्हापूरनं नागपूरला हरवलं होतं, त्यात पेनल्टीच नव्हती, तो निकाल कायम राहिला. सटाण्याचे कोच देवरे सर तरातरा माझ्याकडे आले. पोरी मागं. "नाना, तुम्हाला गप्प बसता येत नव्हतं? या पोरी पाच वर्षं कांद्याच्या खळ्यावर सराव करून इथवर आल्यात. तोंडचा घास काढलात तुम्ही!" मी मान खाली घालून उभा होतो.

तेवढ्यात मागून आवाज आला. "सर, मी सांगं."

सगळ्या पोरी वळून कोमलकडे बघायला लागल्या. तिचा चेहरा लाल झाला होता, पण ती मागं सरली नाही. "काकांना मीच मोजायला लावलं. पहिल्या दिवशीपण सांगितलं होतं."

देवरे सरांचं तोंड उघडंच राहिलं. मग ती बुटकी कॅप्टन, जिचा गोल रद्द झाला होता, तिनं बुटाच्या नाडीची गाठ घट्ट केली आणि म्हणाली, "ठीके ना सर. अकरावरून मारते मी. तिथून काय गोल होत नाही का?"

त्या क्षणी मला त्या सगळ्या पोरींच्या पाया पडावंसं वाटलं. पडलो नाही, फक्की आणायला गेलो.

या वेळी लोखंडी फितीनं आखलं, चार जण डोक्यावर उभे राहून. सामना सुरू व्हायच्या आधी कोमलनं पुन्हा बूट लावून मोजलं. ठिपक्यावर पोचली, बांधावर माझ्याकडे पाहिलं आणि दोन्ही हातांची चार-चार बोटं वर केली. चव्वेचाळीस. माझ्या आयुष्यात कुठल्याही साहेबानं मला इतकं मोठं प्रमाणपत्र दिलेलं नाही.

सामना गोलशून्य सुटला, म्हणजे पाच-पाच पेनल्टी. कॅप्टननं पहिलीच मारली, त्याच उजव्या कोपऱ्यात, आणि या वेळी गोव्याची गोलकीपर पोचूनही पोचली नाही. दोन्हीकडच्या चार-चार आत गेल्या. सटाण्याची पाचवीही गेली. गोव्याच्या पाचव्या मुलीनं चेंडू ठेवला तेव्हा मला बघवेना, मी सिस्टरकडे बघत होतो. सिस्टरनं डोळे मिटले होते. चेंडूवर तळहात बसल्याचा आवाज मात्र दोघांनीही ऐकला. कोमल डावीकडे आडवी पडलेली, चेंडू रेषेबाहेर. पोरी धावत सुटल्या. आणि कोमल? ती उठून आधी गोव्याच्या गोलकीपरपाशी गेली. काय बोलल्या माहीत नाही, दोघींची भाषाही वेगळी, पण बराच वेळ बोलत होत्या.

सिस्टर जाताना माझ्यापाशी थांबल्या. मी हात जोडले. त्या म्हणाल्या, "भैया, हारने का दुख है. आपसे कोई शिकायत नहीं." मग पोरींना ओरडून ओरडून बसमध्ये बसवलं.

दुसऱ्या दिवशी कोल्हापूर. कोल्हापूरच्या पोरी फुटबॉल पोटातून शिकून येतात, आणि विश्रांतीही घेऊन आलेल्या. सटाण्याच्या पोरींचे पाय दोन सामन्यांनी जड झालेले. तरी पूर्वार्धात कॉर्नरवरून सटाण्यानं एक गोल केला, आणि पुढचा सगळा वेळ त्या पोरींनी अंगावर चेंडू घेत काढला. एक-शून्य. अस्सल एक-शून्य, ज्यावर कोणी बोट ठेवू शकणार नाही. शिट्टी वाजली तेव्हा मी बांधावर बसून ढसाढसा रडलो. साठीला टेकलेला माणूस, अंगभर फक्की. कोणी विचारलं तर डोळ्यात फक्की गेली म्हणणार होतो, पण कोणी विचारलंच नाही.

सत्कार झाला. मॅडमनी शाल घातली, दोरीचा विषय काढला नाही. टाळ्या वाजत होत्या आणि मला एकाच वेळी लाजही वाटत होती, अभिमानही. घरी जाऊन सीमाला सगळं सांगितलं तर तिच्या डोळ्यांत पाणी. "नाना, माझ्यामुळं झालं हो." मी म्हणालो, "बाळ, तू देवापुढं ठेवायला धुतलीस. मी भिजवायला विसरलो नव्हतो, मी टाळलं होतं." ती दोरी मी नव्या ग्राउंडमनला दिली नाही. नवी आणली, भिजवली, कडुलिंबाला ताणून तीन दिवस वाळवली आणि गाठी त्यालाच मारायला लावल्या. आखडलेली दोरी माझ्या घरी खुंटीवर आहे. खंडेनवमीला तिचीही पूजा होते, कोरड्या फडक्यानं पुसून.

पुढं निवडीला सटाण्याच्या सगळ्या पोरी गेल्या, देशाच्या संघात एकटी कोमल लागली. दुसरी गोलकीपर म्हणून. दुसरी म्हणजे पहिलीला काही झालं तर. पहिलीला काही झालं नाही, त्यामुळे परदेशात कोमल एक मिनिटही खेळली नाही. सगळे सामने तिनं बाकावर बसून पाहिले. मला वाईट वाटलं. मनात आलं, एवढं करून पोरीच्या हाती काय लागलं?

तेवढ्यात माझ्या मोबाइलवर तिचा फोटो आला. हिरवंगार, मखमलीसारखं मैदान, मागं हजारो खुर्च्या. पुढं पेनल्टीचा पांढरा ठिपका आणि त्याला अगदी चिकटवून ठेवलेला डावा बूट, टोकाला जाड काळी शिवण. खाली लिहिलं होतं, "काका, आठे बी चव्वेचाळीस."

मी ते सीमाकडून दोनदा वाचून घेतलं, मला स्पष्ट दिसत असूनही. मग शेजारच्यांना दाखवलं, दूधवाल्याला दाखवलं, आणि मैदानावर जाऊन नव्या ग्राउंडमनला तर मोबाइल हातातच दिला. "बघ," म्हटलं, "तिथंही आपल्याच मापानं आखतात."